ताबेदाराला पश्चिमेत यायला साडेपाच वर्षं : वोल्फगांग श्टाउटेच्या एका चित्रपटाचं प्रकरण

३१ ऑगस्ट १९५१ रोजी पूर्व बर्लिनमध्ये ‘डेर उंटरटान’ हा चित्रपट पहिल्यांदा दाखवला गेला. उंटरटान म्हणजे ताबेदार, हुकमाचा बंदा. दिग्दर्शक वोल्फगांग श्टाउटे राहायचा पश्चिम बर्लिनमध्ये आणि काम करायचा पूर्वेकडच्या डेफा या सरकारी चित्रसंस्थेत. भिंत उभी राहायला अजून दहा वर्षं होती, त्यामुळे अशी ये-जा चालून जायची. चित्रपटाला मात्र ती सोय मिळाली नाही. पश्चिम जर्मनीतल्या प्रेक्षकांना तो मार्च १९५७ मध्ये पाहायला मिळाला, तोही सुमारे १२ मिनिटांची कात्री लागून आणि सुरुवातीला एक खुलासा चिकटवून.

पश्चिम जर्मनीची राज्यघटना १९४९ ची. तिच्या पाचव्या कलमात सेन्सॉरशिप असणार नाही असं स्वच्छ लिहिलं आहे. मग चित्रपट अडला कसा, अडवला कोणी, आणि त्याची किंमत दिग्दर्शकानं कशी मोजली? या प्रकरणाकडे बंदी म्हणून पाहिलं जातं. मला ते पैशाचं प्रकरण जास्त वाटतं. बंदीनं श्टाउटेचं नाव मोठंच केलं. त्याच्या उपहासाची धार बोथट झाली ती पुढे, चित्रपटाला भांडवल कोण पुरवणार या प्रश्नापाशी.

आधीचा श्टाउटे

जन्म ९ ऑक्टोबर १९०६, झारब्र्युकन. आई-वडील दोघंही नट. मुलगा आधी इंजिनिअरिंगकडे गेला, मोटारींच्या कारखान्यात राबला आणि मग घरच्याच वाटेनं रंगभूमीवर आला. बर्लिनच्या फोल्क्सब्यून या नाट्यगृहात त्यानं कामं केली. माक्स राइनहार्ट आणि एर्विन पिस्काटोर या दोघा नाट्यदिग्दर्शकांच्या तालमी त्यानं आतून पाहिल्या. १९३३ मध्ये नाझी आले आणि रंगमंचावर उभं राहण्याचा त्याचा परवाना गेला. मग पोटासाठी रेडिओ, डबिंग, जाहिरातपट, सिनेमातल्या किरकोळ भूमिका.

यातली एक भूमिका टाळून पुढे जाता येत नाही. १९४० च्या ‘युड झ्युस’ या कुप्रसिद्ध ज्यूद्वेष्ट्या प्रचारपटात श्टाउटे एका छोट्या कामात आहे. युद्धावर जायचं नव्हतं, म्हणून सिनेमाच्या धंद्यात टिकून राहायचं होतं. त्यासाठी जे करावं लागलं ते त्यानं केलं. त्याच्यावर लिहिणारे हे चटकन एका ओळीत उरकतात. पण पुढे ज्यानं ताबेदार माणसाचा इतका बारकाईनं पंचनामा केला, त्याला ही वृत्ती पुस्तकातून शिकावी लागली नव्हती, एवढं यावरून नक्की कळतं.

१९४४ मध्ये त्यानं एक प्रहसन केलं. कागदपत्रं चोरीला गेल्यामुळे सरकारदरबारी घोळात सापडलेल्या एका साध्या माणसाची ती गोष्ट. नोकरशाहीची ही थट्टा नाझी अधिकाऱ्यांना पचली नाही आणि चित्रपट अडवला गेला. तीच गोष्ट त्यानं १९४८ मध्ये डेफासाठी पुन्हा चित्रित केली. अडवला जाण्याचा अनुभव त्याला असा जुनाच होता.

युद्ध संपलं तेव्हा त्याच्याकडे एक पटकथा तयार होती. युद्धात ओलिसांना गोळ्या घालायला लावणारा एक कॅप्टन आता सुखवस्तू कारखानदार झाला आहे. लष्करी शिरस्त्राणांपासून तो स्वयंपाकाची भांडी बनवतो. त्याच्या हाताखालचा एक डॉक्टर त्याला शोधून काढतो आणि ठार मारतो. ही पटकथा घेऊन श्टाउटे इंग्रज आणि अमेरिकन अधिकाऱ्यांकडे गेला. त्यांनी हात वर केले. सोव्हिएत अधिकाऱ्यांनी होकार दिला, पण शेवट बदलायला सांगितला. लोक उठून आपापला सूड घ्यायला लागले तर पंचाईत. गुन्हेगाराला न्यायालयासमोर उभं करा. श्टाउटेनं ऐकलं. १५ ऑक्टोबर १९४६ रोजी ‘डी म्योर्डर झिंट उंटर उन्स’ (खुनी आपल्यातच आहेत) पडद्यावर आला. युद्धानंतरचा हा पहिला जर्मन चित्रपट. हिल्डेगार्ड क्नेफ ही नटी त्यातूनच पुढे आली. शेवट आज पाहताना लंगडा वाटतो, पण बर्लिनच्या खऱ्याखुऱ्या ढिगाऱ्यांत उभा केलेला तो कारखानदार, नीट इस्त्रीच्या कपड्यात, पोराबाळांत रमलेला, मनातून जात नाही.

१९४९ च्या ‘रोटाट्सिओन’मध्ये पुन्हा खटका उडाला. बाप मुलाचा गणवेश जाळतो आणि हा तुझा शेवटचा गणवेश असं म्हणतो, तो प्रसंग सोव्हिएत अधिकाऱ्यांना नको होता. गणवेश घातलेली माणसं त्यांनाही लवकरच लागणार होती. श्टाउटे शांततावादी होता, आणि पक्का शांततावादी कुठल्याच सैन्याला सोयीचा नसतो.

चित्रपटात होतं काय

मूळ कादंबरी हाइनरिश मानची, १९१४ मध्ये पूर्ण झालेली. एका साप्ताहिकात ती क्रमशः येत होती, युद्ध पेटलं तशी ती मध्येच थांबवण्यात आली आणि पुस्तकरूपात १९१८ मध्ये, कैसरची, म्हणजे जर्मन बादशहाची सत्ता संपल्यावर आली. मान १९५० च्या मार्चमध्ये अमेरिकेत वारला, त्यामुळे चित्रपट त्यानं पाहिला नाही. पटकथा श्टाउटेनं आपल्या वडिलांबरोबर, फ्रिट्झ श्टाउटेबरोबर लिहिली.

नायक डीडरिश हेसलिंग. गावातल्या कागद-कारखानदाराचा मुलगा. लहानपणी बापाला भितो, मास्तरांना भितो, पोलिसाला भितो, आणि ज्याला भितो त्याच्यावर प्रेम करतो. कादंबरीत एक तपशील आहे. मास्तरांच्या वाढदिवसाला मुलं टेबल आणि फळा फुलांनी सजवतात. डीडरिश मास्तरांच्या छडीलासुद्धा माळ गुंडाळतो. सगळा माणूस त्या एका कृतीत आला.

पुढे तो बर्लिनला शिकायला जातो. विद्यार्थ्यांच्या एका मंडळात शिरतो, तिथे बिअर आणि तलवारबाजी. गालावर तलवारीचा व्रण मिळवणं ही तिथली प्रतिष्ठा. सैन्यात भरती होतो आणि तब्येतीचं निमित्त, ओळखीचा डॉक्टर, असं करून सुटतो. नंतर आयुष्यभर सैन्याचे गोडवे गातो. आग्नेस नावाच्या मुलीशी संबंध ठेवतो. तिचा बाप लग्नाचं विचारायला येतो तेव्हा, जी मुलगी लग्नाआधी हाती लागली तिला माझ्या मुलांची आई करणं माझ्या नीतीत बसत नाही, असं सुनावतो. त्या मुलीला बिघडवणारा तो स्वतःच. कादंबरीत पुढे एक लष्करी अधिकारी डीडरिशच्या बहिणीशी असंच वागतो आणि असंच उत्तर देतो. डीडरिशला राग येत नाही. त्या अधिकाऱ्याच्या ताठ कण्याबद्दल आदर वाटतो.

गावी परतून तो बापाचा कारखाना हातात घेतो. कामगारांवर कैसरच्या सुरात ओरडायला लागतो, मिशाही तशाच वळवतो. उदारमतवादी प्रतिस्पर्ध्याला राजाच्या अवमानाच्या खटल्यात अडकवतो, पैशाच्या बायकोशी लग्न करतो. मधुचंद्रावर असताना कळतं की कैसर रोमला आला आहे. झालं. नवरदेव बायकोला सोडून बादशहाच्या बग्गीबरोबर धावत सुटतो, टोपी हलवत, धापा टाकत.

श्टाउटे हे सगळं कॅमेऱ्यानं कसं सांगतो, ते पाहण्यासारखं आहे. मुलगा लहान असताना कॅमेरा जमिनीलगत, त्यामुळे बाप आणि मास्तर आभाळाएवढे. मोठेपणी डीडरिश जिल्ह्याच्या बड्या सरकारी अधिकाऱ्याला भेटायला जातो तेव्हा कॅमेरा पुन्हा खाली येतो. कारखान्याचा मालक झालेला माणूस त्या खोलीत पाऊल टाकताच परत सहा वर्षांचा होतो, आणि त्यासाठी एक संवादही लागत नाही. विद्यार्थी मंडळाच्या बैठकीत चेहरे बिअरच्या ग्लासांच्या काचेतून दिसतात, फुगलेले, वाकडे. हाच डीडरिश कामगारांसमोर उभा राहिला की त्याला आपण खालून पाहतो. आता तो आभाळ. वेर्नर पेटर्स या तेव्हा फारसा माहीत नसलेल्या नटानं ही भूमिका केली. गोबरे गाल, ओलसर डोळे. ओरडतानाही कोणाची तरी परवानगी घेतल्यासारखा आवाज. डीडरिशला तो राक्षस करत नाही. तो घाबरट आहे, कधीकधी कीवही येते, आणि म्हणूनच तो ओळखीचा वाटतो.

शेवटी गावात थोरल्या कैसरच्या पुतळ्याचं अनावरण असतं. भाषण डीडरिशचं. रक्त, पोलाद, तलवार असं सगळं चालू असताना वादळ फुटतं. पाहुणे, बँडवाले, खुर्च्या, झेंडे सगळे वाऱ्यावर. डीडरिश भिजत उभा राहतो आणि रिकाम्या मैदानात पुतळ्याला लवून मुजरा करतो. इथपर्यंत कादंबरीचा धागा आहे. श्टाउटेनं पुढचं पान स्वतः जोडलं. पुतळा तसाच राहतो आणि भोवती दुसऱ्या महायुद्धातल्या ढिगाऱ्यांचं शहर दिसायला लागतं. संगीतात नाझी काळातल्या युद्धवार्तापटांचा नाद मिसळतो. म्हणजे १८९० च्या दशकातल्या त्या मुजऱ्यातून १९४५ आलं, हे त्यानं थेट म्हटलं.

हा शेवट कलेच्या दृष्टीनं मला थोडा जड वाटतो. पावसातला मुजरा पुरेसा होता. पण तोच शेवट नसता तर पश्चिमेकडे एवढी खळबळ उडाली असती का, याबद्दल शंका आहे. जुन्या कैसरच्या काळातल्या एका कागदवाल्याची टिंगल कोणालाही चालली असती.

अडवणूक

१९५१ साली पश्चिम जर्मनीत सगळ्यात तापलेला विषय होता पुन्हा सैन्य उभारण्याचा. कोरियात युद्ध पेटलेलं, चान्सलर आडेनाउअरचं सरकार पश्चिमी राष्ट्रांच्या बाजूनं जर्मन सैनिक द्यायला तयार, आणि देशातल्या बऱ्याच लोकांना ते नको. अशा वेळी गणवेशाच्या प्रेमात पडलेल्या जर्मन माणसाची खिल्ली उडवणारा चित्रपट पूर्वेकडून येतो. १९५१ च्या अखेरीस ‘डेर श्पीगल’ या पश्चिम जर्मन साप्ताहिकानं श्टाउटेला गोंधळलेला शांततावादी आणि राजकारणात पोरकट ठरवलं. वरवर राजकारणाशी संबंध नसलेला असा चित्रपट अशा माणसाकडून काढून घ्यायचा आणि जगात पश्चिम जर्मनीच्या शस्त्रसज्जतेविरुद्ध वातावरण तापवायचं, ही पूर्वेची चाल आहे, असा त्याचा सूर होता. शिवाय स्टालिनच्या छायेतला माणूस प्रशियातल्या कुठल्याही ताबेदारापेक्षा जास्त ताबेदार नाही का, असाही सवाल होता.

यातला शेवटचा सवाल खोटा नव्हता. पूर्वेकडे त्या वेळी काय चाललं होतं हे श्टाउटेलाही दिसत होतंच. पण त्या सवालाचं उत्तर चित्रपट लोकांना दाखवून, मग वाद घालून देता आलं असतं. सरकारनं दुसरा मार्ग घेतला.

घटनेत सेन्सॉरशिपला जागा नाही, म्हणून चित्रपटावर बंदी अशी घातलीच गेली नाही. पूर्वेकडून येणाऱ्या चित्रपटाला आयातीचा परवाना लागायचा, तो मिळाला नाही. १९५३ पासून या कामासाठी एक समितीच बसली. वेगवेगळ्या मंत्रालयांचे अधिकारी आणि घटना-संरक्षण खात्याचे, म्हणजे अंतर्गत गुप्तचर विभागाचे लोक एकत्र बसून पूर्वेकडचे चित्रपट पाहायचे आणि काय आत येऊ द्यायचं ते ठरवायचे. ही आंतरमंत्रालयीन समिती १९६७ पर्यंत चालली. तिनं तीन हजारांवर चित्रपट तपासले आणि शंभराहून जास्त अडवले. बैठका बंद दाराआड व्हायच्या, कारणं जाहीर होत नसत. ज्याच्याविरुद्ध कोर्टात जायचं असा ठळक आदेश हाती पडणंही मुश्कील. परकीय मालाच्या नियमानं विचार अडवण्याची ही युक्ती अधिकाऱ्यांच्या दृष्टीनं बिनतोड होती.

पूर्वेकडे चित्र उलटं. श्टाउटे आणि पेटर्स दोघांनाही १९५१ चा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, कार्लोव्ही वारीच्या महोत्सवातही गौरव झाला. तरी तिथेही कुरबूर होतीच, की लढणारा कामगारवर्ग चित्रपटात का नाही. चांगला कामगार दाखवला की ताबेदारी ही फक्त भांडवलदारांची खोड ठरते आणि सगळे निश्चिंत होतात. श्टाउटेनं ती सोय ठेवली नव्हती. सत्ताधाऱ्यांना मात्र असं वाटलं की हा आरसा पलीकडच्यांसाठी आहे. वर्षभरात पूर्वेकडेही गणवेशधारी बराकीतले पोलीस आले आणि १९५६ मध्ये रीतसर सैन्य.

मार्च १९५७ मध्ये पश्चिमेकडे चित्रपट सुटला. सुरुवातीला दिलेल्या खुलाशात हेसलिंग हे एकट्यादुकट्याचं उदाहरण असल्याचं सांगितलं होतं. एकटादुकटा! चित्रपटाचं सगळं म्हणणं ज्यावर उभं, तेच त्या खुलाशानं पुसायचा प्रयत्न केला. वेळही पाहा. पश्चिम जर्मन सैन्य १९५५ च्या नोव्हेंबरात स्थापन झालं होतं, सक्तीच्या भरतीतली पहिली तुकडी १ एप्रिल १९५७ ला दाखल होणार होती. वाद सरकारनं जिंकलेला होता. आता ताबेदाराला आत घेतलं तरी चालणार होतं.

परदेशात आपली बदनामी होते म्हणून कलाकृती अडवा, हा आग्रह आपल्याला नवा नाही. १९८० मध्ये ‘घाशीराम कोतवाल’ युरोपच्या दौऱ्यावर, बर्लिनला जायला निघालं तेव्हा महाराष्ट्रात केवढा गदारोळ झाला होता ते पुण्यातल्या जुन्या लोकांना आठवत असेल.

खरी किंमत

आता पैशाकडे. १९५१ च्याच सुमारास श्टाउटेला पश्चिमेत एक काम मिळालं होतं, ‘गिफ्ट इम त्सो’, प्राणिसंग्रहालयातल्या विषप्रयोगाची रहस्यकथा. राजकारणाचा लवलेश नाही. त्या काळी पश्चिम जर्मनीत निर्मात्यांना बँकेचं कर्ज मिळायला केंद्र सरकारची हमी लागायची. हमी नसेल तर चित्रपट उभाच राहत नसे. गृहमंत्रालयानं सांगितलं, यापुढे डेफासाठी काम करणार नाही असं या दिग्दर्शकानं लिहून द्यावं, नाहीतर हमी विसरा. श्टाउटेनं लिहून दिलं नाही. त्याला चित्रपटातून बाहेर पडावं लागलं आणि दुसऱ्यानं तो पूर्ण केला.

या प्रकरणातला मला सगळ्यात महत्त्वाचा वाटणारा प्रसंग हाच. इथे एक फूटही फिल्म कापली गेली नाही, तरी प्रत्येक निर्मात्याला कळलं की या माणसाला घेतलं तर पैसे अडकतात.

तो पूर्वेकडे परतला. नाटककार ब्रेख्तच्या ‘मदर करेज’ या नाटकावर चित्रपट करायचा होता, तो लांबत गेला. त्या रिकाम्या वेळात त्यानं हाउफच्या परीकथेवर ‘छोटा मुक’ केला (१९५३), आणि तो डेफाच्या आजवरच्या सगळ्यात लोकप्रिय चित्रपटांपैकी एक ठरला. १९५५ मध्ये ‘मदर करेज’चं चित्रीकरण एकदाचं सुरू झालं, मोठा खर्च, फ्रान्सहून सिमोन सिन्योरे आलेली. ब्रेख्तला त्याच्या रंगमंचावरचं कडक, निरलंकार रूप हवं होतं, श्टाउटेला मोठ्या पडद्याचा सिनेमा. थोड्याच दिवसांत काम बंद पडलं. ब्रेख्तसमोर डेफा श्टाउटेच्या पाठीशी उभी राहणार नव्हती. पूर्वेकडचं त्याचं पर्व तिथे संपलं. त्याच वर्षी नेदरलँड्समध्ये केलेल्या ‘सिस्के’ या एका उनाड पोराच्या चित्रपटासाठी व्हेनिसला त्याला रौप्य सिंह मिळाला, म्हणजे हात कुठे आखडला नव्हता.

पश्चिमेत स्थिरावल्यावर आधी मनोरंजनपर कामं केली. त्यांच्याबद्दल लिहिण्यासारखं थोडंच. मग १९५९ मध्ये आला ‘रोझेन फ्युर डेन श्टाट्सआनवाल्ट’, सरकारी वकिलासाठी गुलाब.

युद्धाच्या शेवटच्या दिवसांत रूडी नावाच्या साध्या शिपायाला चॉकलेटच्या दोन डब्यांपायी देहदंड होतो. शिक्षा मागणारा लष्करी न्यायालयातला श्राम. ऐनवेळी विमानं हल्ला करतात आणि रूडी वाचतो. पुढे तो रस्त्यावर पत्त्यांच्या जादू दाखवत, किरकोळ वस्तू विकत फिरतो, आणि एका गावात श्राम समोर येतो. साहेब आता प्रतिष्ठित सरकारी वकील आहेत, आणि एका ज्यूद्वेष्ट्या शिक्षकाला गुपचूप देशाबाहेर निसटू देत आहेत. काम फत्ते झाल्याची खूण म्हणून घरी गुलाब येतात. श्राम घाबरून रूडीला गावातून हाकलायला बघतो. रूडी शेवटी कंटाळून दुकानाची काच फोडतो आणि त्याच चॉकलेटचे दोन डबे उचलतो. खटला उभा राहतो, वकील पुन्हा श्राम. बोलता बोलता त्याची जीभ घसरते आणि तो पुन्हा देहदंडच मागतो. तोही १९४९ च्या घटनेनं देहदंड रद्द केलेल्या देशात.

मार्टिन हेल्डचा श्राम थोर आहे. घरी मुलांवर खेकसणारा, कोर्टात गुळगुळीत, आणि भीती वाटली की पुन्हा तोच जुना शिपाईबाणा. वेर्नर पेटर्स इथेही आहे, एका बांधकाम ठेकेदाराच्या भूमिकेत. हेसलिंगचा नातू शोभेल असा. चित्रपट चालला, गौरवही झाला.

तरीही ‘ताबेदार’शेजारी ठेवला की फरक दिसतो. डीडरिशला कधीच शिक्षा होत नाही. तो भिजतो आणि जिंकतो. श्राम स्वतःच्याच जिभेनं पडतो आणि प्रेक्षक हसत, हलका होऊन घरी जातो. वास्तवात असं काही होत नव्हतं. नाझी काळातल्या लष्करी न्यायालयांनी सुमारे ३० हजार देहदंड सुनावले आणि सुमारे २० हजार अमलात आले, असा इतिहासकारांचा अंदाज आहे. ते सुनावणाऱ्यांपैकी कित्येक जण युद्धानंतर पुन्हा न्यायखात्यात बसले आणि सन्मानानं निवृत्त झाले. बाडेन-व्युर्टेमबर्गचा मुख्यमंत्री हान्स फिलबिंगर हा नौदलातला जुना न्यायाधीश. १९४५ मध्ये एका तरुण खलाशासाठी त्यानं देहदंड मागितल्याचं १९७८ मध्ये उघड झालं. तेव्हा जे कायदेशीर होतं ते आज बेकायदेशीर कसं ठरेल, या अर्थाचं वाक्य त्याच्या नावावर चिकटलं आणि ऑगस्टमध्ये त्याला पायउतार व्हावं लागलं. श्राम पडद्यावर येऊन एकोणीस वर्षं झाली होती. सैन्यातून पळालेल्यांच्या शिक्षा संसदेनं सरसकट रद्द केल्या त्या २००२ मध्ये.

श्टाउटेला हा सुखान्त आपल्या सोयीचा नाही हे कळत नव्हतं असं मुळीच नाही. जग ठीकठाक आहे असं मानणाऱ्यांच्या पैशातून जग सुधारायला निघणं कठीण असतं, असं तो म्हणाला होता. त्या एका वाक्यात गुलाबांची गोडी कुठून आली ते आहे.

त्यानं हेल्मुट कॉयटनर आणि हाराल्ड ब्राउन यांच्याबरोबर स्वतःची निर्मितीसंस्था काढून पाहिली. तिच्यातून ‘किर्मेस’ (१९६०) आला. गावच्या जत्रेसाठी खड्डा खणताना युद्धात पळून आलेल्या एका तरुण शिपायाची हाडं सापडतात, आणि त्याला कोणी आसरा दिला नाही याची गोष्ट उलगडते. संस्था टिकली नाही. १९६४ चा ‘हेरनपार्टी’ युगोस्लाव्हियात चित्रित झाला. जर्मन पुरुषांचं एक गायकमंडळ सहलीवर असताना पेट्रोल संपून एका डोंगरी गावात अडकतं. गावात सगळ्या काळ्या कपड्यातल्या बायका, कारण पुरुष युद्धात जर्मनांनीच मारलेले. मंडळींना खायला हवं, झोपायला हवं, आणि आपण पाहुणे आहोत म्हणून थोडा मान हवा. या बायका गप्प का, ते त्यांच्या लक्षातच येत नाही. पश्चिमेकडचा त्याचा हा सगळ्यात तिखट चित्रपट, आणि ‘स्वतःच्या घरट्यात घाण करणारा’ हे विशेषण त्याला पक्कं चिकटलं ते यानंतर. चित्रपट चाललाही नाही. पूर्वेकडे असताना तो पूर्वेचा हस्तक होता, म्हणून दुर्लक्ष करता यायचं. आता घरातलाच म्हणून राग जास्त.

दुसरीकडून नवी पिढी आली होती. १९६२ मध्ये ओबरहाउझेनच्या लघुपट महोत्सवात तरुण दिग्दर्शकांनी बापजाद्यांचा सिनेमा मेला असं जाहीर केलं. श्टाउटे त्यांच्या लेखी बापजाद्यांतलाच. भूतकाळ उकरण्याचं जे काम ते हाती घेत होते ते तो १९४६ पासून करत होता, याची दखल त्यांनी फारशी घेतली नाही. ही कृतघ्नता मला आजही खटकते.

सत्तरच्या दशकात तो बहुतांश टेलिव्हिजनसाठी राबला: गुन्हेकथांचे भाग, जॅक लंडनच्या कथांवरच्या मालिका. १९७१ च्या ‘डेर झेवोल्फ’मध्ये कच्चा बटाटा मुठीत चुरडणारा कप्तान त्या पिढीच्या जर्मन लोकांना आजही आठवतो, दिग्दर्शक कोण होता ते बऱ्याच जणांना ठाऊक नसतं. १९ जानेवारी १९८४ रोजी, आजच्या स्लोव्हेनियात, एका टीव्ही मालिकेचं चित्रीकरण चालू असताना तो वारला.

पाहायचंच असेल तर माझ्या मते क्रम असा ठेवावा: आधी ‘ताबेदार’, मग ‘गुलाब’, मग ‘हेरनपार्टी’. ‘ताबेदार’ची प्रत मात्र तपासून घ्या. पूर्ण चित्रपट पावणेदोन तासांच्या वर आहे. हातात आलेली प्रत दीड तासाच्या जरा पुढे जाऊन संपत असेल, तर ती १९५७ ची कापलेली आहे.